गोष्ट नसलेलं पान: मुलांना माहिती वाचायला आणि लिहायला कसं शिकवायचं

चौथीतलं एक लेकरू माझ्यासमोर बसून गोष्ट वाचत होतं. घडाघडा. पूर्णविरामाला थांबत, संवाद आला की आवाज बदलत. गोष्ट संपल्यावर मी त्याच्यापुढे दुसरं पान ठेवलं, जमिनीखालच्या पाण्याबद्दलचं. वाचायचा वेग तोच, अडखळणं नाही. वाचून झाल्यावर विचारलं, "काय सांगितलंय यात?" त्याने पानाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि पहिलं वाक्य पुन्हा मोठ्याने वाचून दाखवलं.

धाराशिव जिल्ह्यात, बालाघाटाच्या डोंगरपट्ट्यात, मी जिल्हा परिषदेच्या शाळांवर शिकवते. हा प्रसंग माझ्या वर्गात दरवर्षी घडतो, फक्त लेकरू बदलतं. पालक म्हणतात, "म्याडम, वाचता तर येतंय की त्याला. मग विज्ञानात मार्क का पडत न्हाईत?" हा लेख त्या प्रश्नाचं उत्तर आहे. गोष्ट वाचता येणं आणि माहिती वाचता येणं ही दोन वेगळी कामं आहेत. पहिलं आलं म्हणून दुसरं आपोआप येत नाही, ते शिकवावं लागतं. आणि लिहिण्याचंही तसंच आहे.

आपल्याकडे तिसरीपर्यंत सगळा जोर अक्षरओळख, जोडाक्षरं आणि ओघवतं वाचन यांवर असतो. जुलै २०२१ मध्ये सुरू झालेल्या निपुण भारत अभियानानेही २०२६-२७ पर्यंत प्रत्येक मुलाला तिसरीअखेर समजून वाचता यावं, हे लक्ष्य ठेवलं. ते योग्यच आहे. पण पुढे पुस्तकं बदलतात. तिसरी ते पाचवी परिसर अभ्यास, सहावीपासून विज्ञान, इतिहास, भूगोल वेगवेगळे. मूल आता वाचायला शिकत नसतं, वाचून शिकत असतं. जीन चॉल या अमेरिकी अभ्यासक बाईंनी १९८३ मध्ये वाचनाचे टप्पे मांडले, तेव्हा हे वळण त्यांनी चौथीच्या सुमारास दाखवलं होतं. याच वळणावर अनेक मुलं मागे पडतात, आणि आपण म्हणतो, "पोरगं आधी हुशार होतं, आता अभ्यास करत नाही."

वळण चौथीत येतं म्हणून सुरुवातही चौथीत करायची, असं मात्र नाही. वाचनाच्या अभ्यासक नेल ड्यूक यांनी अमेरिकेतले पहिलीचे २० वर्ग पाहून २००० साली लिहिलं, की तिथे माहितीपर मजकुराच्या वाट्याला दिवसाला सरासरी ३.६ मिनिटं येतात. आपल्या पहिलीच्या वर्गात घड्याळ लावून बसावं, असं मला तेव्हापासून वाटतं.

गोष्टीला ओढ असते

मूल बोलायच्या आधीपासून गोष्टी ऐकतं. त्यात कोणीतरी असतं, त्याला काहीतरी हवं असतं, मध्ये अडचण येते. 'मग काय झालं?' हा प्रश्न मुलाला पुढच्या ओळीवर ओढून नेतो. माहितीच्या पानात कोणीच नसतं. कर्ता असतो 'पाणी', 'खडक', 'ग्रामपंचायत'. 'मग काय झालं' विचारून उपयोग नाही. तिथे विचारावं लागतं, 'का?', 'कशामुळे?', 'म्हणजे काय?', 'दुसऱ्यापेक्षा वेगळं कसं?' हे प्रश्न मनात न विचारता वाचलं की डोळे ओळीवरून सरकतात आणि हाती काही लागत नाही.

खरं तर आपल्या मुलांच्या घरात माहिती भरपूर आहे. गाय कधी विणार ते कशावरून ओळखायचं, वापसा आला का नाही ते माती मुठीत धरून कसं बघायचं, हे आजोबा रोज सांगतात. पण आजोबा सांगतात तेव्हा माती हातात असते, बोट दाखवायला गाय समोर असते. न कळलं तर मूल लगेच विचारतं. पानाला हात नसतो, बोट नसतं, आणि विचारलेलं त्याला ऐकूही येत नाही. कागदावरची माहिती अवघड जाते ती यामुळे. जे बोटाने दाखवता आलं असतं, ते सगळं शब्दांत कोंबलेलं असतं.

कसं कोंबलेलं असतं ते जवळून पाहू. मी वर्गासाठी पाठ्यपुस्तकाच्या धाटणीत लिहिलेला हा चार वाक्यांचा उतारा:

'पावसाचे काही पाणी जमिनीत मुरते. ते माती व मुरमाच्या थरांतून झिरपत खडकाच्या भेगांमध्ये साठते. या साठ्यास भूजल म्हणतात. भूजलाचा उपसा पुनर्भरणापेक्षा अधिक झाल्यास पातळी खालावते.'

मोठ्या माणसाला यात काहीच अवघड दिसत नाही. मुलाच्या बाजूने बघा. दुसऱ्या वाक्यातलं 'ते' म्हणजे कोण? मागच्या वाक्यातलं पाणी. हे मुलाला मागे जाऊन शोधावं लागतं. 'या साठ्यास' म्हटलंय, पण साठा हा शब्द तर आधी आलेलाच नाही. आधी 'साठते' आलं होतं. क्रियापदाचं नाम झालं, वर 'साठ्याला'च्या जागी 'साठ्यास' आलं. 'म्हणतात' म्हणजे कोण म्हणतात? आमच्या गावात तर कोणीच भूजल म्हणत नाही. आणि चौथं वाक्य तर गाठोडंच आहे. 'उपसा' म्हणजे उपसणं. कोण उपसतं ते लिहिलेलं नाही. 'पुनर्भरण' म्हणजे पुन्हा भरणं. कशाने भरतं तेही नाही. 'झाल्यास' म्हणजे 'झालं तर'. 'पातळी' कशाची, हे वाचणाऱ्याने ओळखायचं.

असं वाक्य आलं की आम्ही वर्गात ते गाठोडं सोडतो. प्रत्येक जड नामाजवळ थांबून विचारायचं: यात कोणतं काम दडलंय? ते कोण करतंय? 'उपसा' — मोटर उपसते. 'पुनर्भरण' — पाऊस भरतो. मग मुलं आपल्या शब्दांत वाक्य मांडतात. "पाऊस जेवढं पाणी खाली घालतोय, त्याच्यापेक्षा जास्त आपण मोटरीनं काढलं, तर हिरीतलं पाणी खाली जातंय." मागच्या रांगेतून हमखास आवाज येतो, "म्हंजी आमची बोअर!"

इथे आपल्यातले बरेच जण थांबतात. मुलाला कळलं, काम झालं असं वाटतं. मीही बरीच वर्षं इथेच थांबत होते. त्याहून वाईट म्हणजे सोपं केलेलं वाक्य फळ्यावर लिहून देत होते आणि मुलं तेच उत्तर म्हणून वहीत उतरवून घेत होती. नुकसान असं झालं, की माझ्याशिवाय पान उघडायची सवयच त्यांना लागली नाही. आता आम्ही पुन्हा मूळ वाक्याकडे जातो आणि ते जसंच्या तसं मोठ्याने वाचतो. आपलं वाक्य आणि पुस्तकातलं वाक्य एकाखाली एक लिहितो आणि कोणता शब्द कोणत्या शब्दाच्या जागी आलाय त्याच्या रेघा मारतो. या कामाला एक अख्खी तासिका जाते, ती मी आनंदाने देते. अशी सात-आठ वाक्यं सोडवली की मुलं नववं वाक्य स्वतः सोडवायला बघतात.

आधी माहीत असलेलं किती कामाला येतं

आपला मराठवाडा बहुतांशी काळ्या बेसाल्ट खडकावर बसलेला आहे. हा खडक अखंड असेल तिथे पाणी धरत नाही. पाणी असतं ते वरच्या कुजलेल्या, भुसभुशीत थरात आणि खालच्या भेगांत. म्हणून एका बोअरला पाणी लागतं आणि तिथून वीस पावलांवरची कोरडी जाते. आमच्या मुलांनी हे पाहिलेलं आहे. पाणी लागलं नाही त्या दिवशीचं घरातलं जेवणही त्यांनी पाहिलेलं आहे. म्हणून भूजलाचा उतारा, भाषा कितीही जड असली, तरी आम्हाला सापडतो.

वाचनाच्या अभ्यासात याला पक्का आधार आहे. १९८८ मध्ये रेश्ट आणि लेस्ली या दोघींनी अमेरिकेतल्या सातवी-आठवीच्या ६४ मुलांना बेसबॉलच्या सामन्याचं वर्णन वाचायला दिलं. वाचनात कच्ची पण बेसबॉल जाणणारी मुलं, वाचनात पक्की पण बेसबॉल न जाणणाऱ्या मुलांपेक्षा पुढे गेली. समज केवळ वाचनाच्या कौशल्यातून येत नाही. विषयाची ओळख असली की कच्चा वाचकही तरतो. आपल्याकडे पोळ्यावरचा उतारा घ्या. खांदेमळणी, झूल, बाशिंग, वेसण, मोरकी. आमची मुलं तो पाण्यासारखा वाचतील आणि शहरातलं मूल प्रत्येक ओळीला अडखळेल. उलट समुद्राच्या भरती-ओहोटीचा धडा आला की अडखळायची पाळी आमची. त्यात मुलांच्या बुद्धीचा संबंध नाही. समुद्र इथून दूर आहे, एवढंच.

म्हणून वाचायच्या आधी बोलायचं. डोना ओगल या अमेरिकी शिक्षणतज्ज्ञ बाईंनी १९८६ मध्ये सुचवलेली तीन रकान्यांची पद्धत जगभर वापरली जाते आणि आमच्या फळ्यावरही असते. पहिल्या रकान्यात आम्हाला काय ठाऊक आहे, दुसऱ्यात काय विचारायचंय, तिसऱ्यात वाचून काय कळलं. पहिला आणि तिसरा रकाना भरणं सोपं आहे. खरं काम दुसऱ्यात आहे आणि नेमका तोच घाईत सुटतो. भूजलाच्या वेळी एका मुलीने विचारलं होतं, "पाऊस तर सगळीकडं सारखाच पडला. मग आमच्या बोअरच्या वाट्याचं पाणी गेलं कुठं?" असा प्रश्न घेऊन मूल पानाकडे गेलं की ते वाचतं कसं, ते बघण्यासारखं असतं. बोट ओळीवर ठेवून शोधतं. उत्तर नाही सापडलं तर चिडतं. पुस्तकावर चिडता येणं ही वाचक म्हणून मोठी पायरी आहे.

जोडशब्दांबद्दल थोडक्यात. 'त्यामुळे', 'मात्र', 'तरीही', 'उदाहरणार्थ', 'म्हणजेच' हे शब्द मुलं वाचताना गिळून टाकतात, कारण त्यांत चित्र नसतं. पण माहितीच्या पानावर रस्ता दाखवायचं काम तेच करतात. 'पाऊस कमी झाला, ___ सोयाबीन आलं' आणि 'पाऊस कमी झाला, ___ सोयाबीन गेलं' या दोन गाळलेल्या जागांवर पंधरा मिनिटं भांडू द्या. 'तरीही' आणि 'त्यामुळे' यांतला फरक मुलं आयुष्यभर विसरणार नाहीत.

बाटलीवरचा रंग, गाडीतलं पाणी

माहितीचं वाचन म्हणजे फक्त पाठ्यपुस्तक नाही. एसटीचं वेळापत्रक, वीजबिल, गोळ्यांच्या पाकिटावरची मुदत, बियाण्याच्या पिशवीवरचं लेबल, हे सगळं माहितीपर वाचनच आहे. आणि ते चुकलं तर मार्क नाही, माणूस जातो. फवारणीच्या औषधाच्या बाटलीवर कोपऱ्यावर उभा केलेला एक चौकोन असतो, त्याचा खालचा अर्धा त्रिकोण रंगीत असतो. लाल म्हणजे अतितीव्र विषारी, त्याखालोखाल पिवळा, मग निळा, आणि हिरवा म्हणजे त्यातल्या त्यात कमी. हिरवा म्हणजे बिनविषारी असा समज गावात सर्रास आहे. मी लेबलाचा फोटो मोठा छापून वर्गात लावते. बाटली, रिकामी असली तरी, वर्गात कधीच आणायची नाही, आणि मुलांनाही आणायला सांगायचं नाही. फोटोवर आम्ही शोधतो: रंग कोणता, मात्रा किती, विषबाधा झाली तर काय करायचं ते कुठे लिहिलंय. बारीक अक्षरातलं, तक्त्यातलं, चिन्हातलं वाचायचा याहून चांगला धडा मला माहीत नाही. त्या दिवशी मुलं घरी जाऊन वडिलांना बाटलीचा रंग विचारतात.

आकड्यांचंही असंच. एप्रिल २०१६ मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी आणलं. पहिल्या गाडीला १० वाघिणी, म्हणजे पाण्याच्या टाकीचे डबे, होत्या, एका वाघिणीत साधारण ५० हजार लिटर. म्हणजे पाच लाख लिटर पाणी. मुलं आकडा ऐकून 'अबबब' म्हणतात. मग मी विचारते, हे पाणी किती आहे ते शेजारच्या गावातल्या माणसाला कसं सांगाल? एक गट म्हणतो, पाच हजार लिटरचे शंभर टँकर. अजूनही ढीगभरच वाटतं. मग दुसरा आकडा देते: २०११ च्या जनगणनेत लातूर शहराची लोकसंख्या ३ लाख ८२ हजारांच्या पुढे होती. भागाकार मुलंच करतात. माणशी सव्वा लिटरपेक्षा थोडंसं जास्त. वर्ग गप्प होतो. एक जण हळूच म्हणतो, "म्हंजी एक बाटलीच की." गाड्या पुढे मोठ्या झाल्या, ५० वाघिणींच्या आल्या, हेही सांगते, आणि तो भागाकारही मुलं न सांगता करतात. आकडा वाचला की तो कशानं तरी भागून, कशाशी तरी ताडून बघायचा, ही सवय चौथीत लागते. त्यासाठी कुठलं साहित्य लागत नाही.

आता लिहायचं

आपल्याकडे माहितीपर लेखन म्हणजे निबंध, आणि निबंध म्हणजे पाठांतर. घरी रोज पहाटे उठून शेळ्यांना पाला टाकणारं मूल वहीत लिहितं, 'शेळी हा एक पाळीव प्राणी आहे. तिला चार पाय असतात.' आमच्या भागातली शेळी म्हणजे उस्मानाबादी. काळीभोर, लांब लोंबत्या कानांची, जुळी देणारी म्हणून देशभर नाव असलेली. तिच्याबद्दल त्या मुलाला जे माहीत आहे ते शहरातल्या मोठ्या माणसालाही माहीत नाही. तरी ते चार पायांबद्दल लिहितं. का? कारण त्याला ठाऊक आहे, की हे कोणीच वाचणार नाही. मी फक्त तपासणार आहे, आणि शेळीला चार पाय असतात हे मला माहीत आहे.

माझ्या मते सगळी गोम इथे आहे. ज्याला माहीत नाही अशा माणसाला सांगणं, म्हणजे माहितीपर लेखन. तसा माणूस समोर नसेल तर लिहायला कारणच उरत नाही.

भूमच्या बाजूला खव्याच्या भट्ट्या आहेत. वर्गात वाचनाला मागे असलेला एक मुलगा होता, वडिलांची भट्टी असलेला. त्याला म्हटलं, "खवा कसा करतात ते लिही. वर्गातल्या निम्म्या मुलांनी भट्टी बघितलेली नाही." त्याने लिहिलं:

'दूध कढईत वतायचं. खालून जाळ लावायचा. हालवायचं. खवा तयार.'

चार वाक्यं. मी लाल पेन उचललं नाही. त्याला वर्गापुढे वाचायला सांगितलं आणि बाकीच्यांना म्हटलं, "यावरून तुम्हाला उद्या खवा करता येईल का? नसेल तर काय विचाराल?" प्रश्नांची झोड उठली. किती येळ हालवायचं? का हालवायचं? जाळ किती? किती दुधाला किती खवा? आणि एकीने विचारलं, "झालं ते कळतंय कसं?"

त्या प्रश्नावर तो थांबला. त्याने डोळे मिटले, हात कढईत उलथणं फिरवावं तसा फिरवला आणि मग बोलायला लागला. आधी मोठा जाळ, घट्ट व्हायला लागलं की कमी करायचा. हालवायचं थांबलं की दूध बुडाला लागतं आणि सगळ्या घाण्याला करपट वास येतो. पाच लिटर म्हशीच्या दुधाला साधारण किलोभर खवा, गाईचं असलं तर कमी. आणि झालं ते कसं कळतं? "कढईच्या कडंनं सुटायला लागतंय. उलथण्यामागं गोळा पळतोय. तवा उतरायचं."

'उलथण्यामागे गोळा पळतो.' हे वाक्य त्याच्या हातात होतं, फक्त त्याला कोणी विचारलं नव्हतं. दुसरा खर्डा दीड पान झाला. त्यात त्याने कढईची आकृती काढली आणि बाण करून 'इथे सुटते' असं लिहिलं. वाचनात मागे असलेलं मूल आकृतीला नाव द्यायला आपणहून शिकलं.

या प्रश्नांच्या पद्धतीला आम्ही 'अडवणं' म्हणतो. ऐकणाऱ्याने अडवायचं, लिहिणाऱ्याने उत्तर कागदावर घालायचं. शुद्धलेखन शेवटी. भाषेबद्दलही माझं ठाम मत आहे: पहिला खर्डा घरच्या बोलीत होऊ द्यावा. 'वतायचं' लिहिताना मुलाचा हात अडत नाही. 'ओतावे' लिहायला सांगितलं की तो शब्द शोधत बसतो आणि जाळ कमी करायचं विसरतो. मग विचारायचं, हे कोण वाचणार? गावातलेच वाचणार असतील तर काही शब्द तसेच राहतील. तालुक्याच्या प्रदर्शनात लावायचं असेल तर मुलं स्वतःच 'ओतायचं' करतात. प्रमाण भाषा हा वाचकापर्यंत जायचा रस्ता म्हणून शिकवली की ती जाचक होत नाही.

कृती लिहून झाली की ती करून बघणं हा सगळ्यात कडक परीक्षक. एप्रिलमध्ये आम्ही घरच्या सोयाबीनची उगवण तपासतो. घरच्या साठ्यातले १०० दाणे न निवडता घ्यायचे, ओल्या गोणपाटावर दहा-दहाच्या ओळीत मांडायचे, गुंडाळी करून सावलीत ठेवायची, मधूनमधून पाणी शिंपडायचं आणि सहा-सात दिवसांनी चांगले कोंब मोजायचे. प्रमाणित सोयाबीन बियाण्याची उगवण किमान ७० टक्के असावी लागते, म्हणजे सत्तरच्या खाली आलं तर पेरणीआधी विचार करायला हवा. एका गटाने सूचना लिहिल्या, दुसऱ्या गटाने त्या बरहुकूम पाळल्या. पहिल्या गटाने 'पोते ओले करा' एवढंच लिहिलं होतं. दुसऱ्या गटाने बादलीत बुडवून तसंच ठिबकतं पोतं अंथरलं आणि दाणे कुजले. भांडण झालं. मग सूचना बदलली: 'पोते भिजवून पिळा. पाणी ठिबकायचे थांबले की दाणे मांडा. सोयाबीनचे साल पातळ असते, दाणे आपटू नका.' हे तिसरं वाक्य कुणाच्या तरी आजीकडून आलं होतं.

आजीकडून आलेल्या माहितीचं काय करायचं, हाही शिकवायचा भाग आहे. १९७२ च्या दुष्काळाबद्दल मुलं घरोघर विचारून आली. खडी फोडायची कामं, मदत म्हणून वाटलेला सुकडीचा खाऊ, परदेशातून आलेली लाल मिलो ज्वारी, हे सगळ्यांनी सांगितलं. पण मजुरी किती मिळायची यावर एक आजी आणि एक आजोबा यांचं जमेना. मुलं माझ्याकडे आली, "खरं कोण, म्याडम?" मी निवाडा दिला नाही. दोन्ही लिहायला सांगितलं: 'एका आजींच्या आठवणीनुसार इतकी, दुसऱ्या आजोबांच्या म्हणण्याप्रमाणे तितकी.' दहा वर्षांच्या मुलाला 'च्या म्हणण्याप्रमाणे' वापरता आलं, की ऐकीव आणि पक्कं यांत फरक असतो हे त्याला कळलं. मोबाइलवर आलेलं सगळं खरं मानायच्या काळात मला हे दोन शब्द फार मोलाचे वाटतात.

पुस्तकातून किंवा फोनवरून उतरवून काढण्याला आम्ही एकच उपाय करतो. वाचताना फक्त सुटे शब्द टिपायचे, दहाच्या वर नाहीत. मग पुस्तक मिटायचं, ते शब्द समोर ठेवायचे आणि शेजारच्याला तोंडी सांगायचं. सांगता आलं तर लिहायचं. नाही आलं तर पुस्तक पुन्हा उघडायचं, त्यात लाज नाही.

दिवाळीनंतर आमच्या वर्गातली काही बाकं रिकामी होतात. आई-बाप ऊसतोडीला जातात, काही लेकरं त्यांच्यासोबत जातात, आणि परत येतात ती मार्च-एप्रिलमध्ये. आल्यावर ती गप्प असतात, कारण वर्ग पुढे गेलेला असतो. अशाच एका मुलीला मी म्हटलं, "तू गेलीस त्या जागेबद्दल आम्हाला कुणालाच काही माहीत नाही. आम्हाला सांग." ती लिहायला बसली आणि पहिल्याच ओळीला वर्गाने अडवलं. फड म्हणजे काय? टोळी म्हणजे? वाढं म्हणजे? वाढं मलाही नीट माहीत नव्हतं. शेवटी ती म्हणाली, आधी शब्दांचेच अर्थ लिहिते. पुस्तकाच्या मागे असतात तसे. तिने वहीच्या शेवटच्या पानावर तक्ता आखला:

'फड: तोडायला दिलेलं उसाचं रान.
कोप: आम्ही राहतो ती झोपडी. आत वाकून जावं लागतं.
मोळी: तोडलेल्या उसाचा बांधलेला भारा.
वाढं: उसाचा वरचा हिरवा शेंडा. जनावरं खातात. विकून पैसे येतात.
मुकादम: उचल देतो. टोळी त्याची असते.
कोयता: १. ऊस तोडायचं हत्यार. २. नवरा-बायकोची जोडी.'

शेजारी बसलेल्या मुलाने तक्ता वाचला आणि विचारलं, "अन् एकटाच माणूस असला तर?"

तिने पेन्सिल उचलली आणि खाली एक ओळ वाढवली: 'अर्धा कोयता.'